परवाना यायच्या आधीच पोकलेन लावू म्हणतात, काय करू?

पत्र:

ताई, नमस्कार. डोंगराच्या पायथ्याला आमची साडेचार एकर जमीन आहे. सगळा खडकाळ माळ, पावसाळ्यात गवत येतं तेवढंच. सातबाऱ्यावर वडिलांचं आणि आत्याचं नाव आहे. दोन महिन्यांपूर्वी एक क्रशरवाले घरी आले. दहा वर्षांसाठी जमीन द्या, वर्षाला भाडं आणि वर ब्रासमागे पैसे देतो म्हणाले. पाचशेच्या स्टॅम्पपेपरवर नोटरी करून करार झाला. वडिलांनी आणि मी सही केली, एक लाख रुपये विसार घेतला. आत्याला अजून सांगितलेलं नाही. परवान्याचं सगळं ते बघणार आहेत. आता म्हणतात, परवाना यायला वेळ लागेल, तोवर पोकलेन लावून थोडा दगड काढायला सुरुवात करू. जमीन पाच हेक्टरच्या आत आहे, त्यामुळे पर्यावरणाची परवानगी लागतच नाही, असंही सांगतात. डोंगराच्या पलीकडच्या अंगाला त्यांचीच दहा एकरांची खाण चालू आहे, आमच्यापासून तीनेकशे मीटरवर. आमच्या खालच्या बाजूला दीडशे मीटरवर चुलतभावाची विहीर आणि वस्ती आहे. तो घरी येऊन भांडून गेला, तेव्हापासून बोलणं बंद आहे. वडील म्हणतात, जमीन आपली, दगड आपला, त्याला कशाला विचारायचं? बहिणीचं लग्न काढलंय, पैशांची गरज आहे. पण मन धजत नाही. जमीन आपली असूनही आपण काही चुकतोय का?
– एक शेतकरी वाचक

उत्तर:

नमस्कार.

पोकलेन तुमच्या रानात येऊ देऊ नका. करार ठेवायचा की मोडायचा, हे घरात बसून सावकाश ठरवता येईल. पण परवान्याच्या आधी दगड उचलला गेला, की पुढचं काहीच तुमच्या हातात राहणार नाही. क्रशरवाल्यांना आजच फोन करून हे सांगा आणि लगेच लेखीही कळवा. लेखी कसं कळवायचं ते शेवटी सांगते.

आधी वडिलांचा प्रश्न घेते, कारण तो रास्त आहे आणि गावोगावी विचारला जातो. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ च्या कलम ४८ नुसार जमिनीतल्या खनिजांवरचा हक्क राज्य सरकारचा आहे. काळा दगड, मुरूम, वाळू, जांभा ही सगळी गौण खनिजं. जमीन कसायची, राखायची, विकायची तर हक्क तुमच्या वडिलांचा आणि आत्यांचा. तिच्यातला दगड काढून विकायचा तर सरकारची परवानगी लागते आणि सरकारला स्वामित्वधन, म्हणजे आपण ज्याला रॉयल्टी म्हणतो, ते भरावं लागतं. विहीर खोदताना निघालेला दगड आपल्याच बांधाला रचणं ही गोष्ट निराळी, तो डंपरमध्ये भरून विकणं निराळं. सर्वोच्च न्यायालयाच्या २०१३ मधल्या एका निकालाचा दाखला देऊन ‘जमीनमालकच खनिजाचा मालक’ असं सांगणारे भेटतात. तो निकाल केरळातल्या मलबारच्या एका विशिष्ट जुन्या धारणापद्धतीच्या जमिनींबाबत होता. आपल्याकडे कलम ४८ स्पष्ट आहे, त्यामुळे त्या निकालाच्या भरवशावर पाऊल टाकू नका.

आता विनापरवाना उत्खननाचं. याच कलमाच्या पोटकलम ७ नुसार बेकायदा काढलेल्या खनिजाच्या बाजारभावाच्या पाचपटीपर्यंत दंड करता येतो. पोटकलम ८ नुसार यंत्रं आणि वाहनं जप्त होतात. दंड खोदणाऱ्याला व्हायला हवा हे बरोबर, पण प्रत्यक्षात काय घडतं ते नीट समजून घ्या. तलाठी आणि मंडळ अधिकारी पंचनाम्याला येतात तेव्हा पोकलेन बहुतेक वेळा निघून गेलेलं असतं. समोर असतो खड्डा, आणि तो कोणाच्या गटात आहे हे सातबाऱ्यावर लिहिलेलं असतं. नोटीस तुमच्या वडिलांच्या आणि आत्यांच्या नावाने निघते. दंड भरला नाही, तर तो जमीन महसुलाची थकबाकी म्हणून वसुलीला लागतो आणि सातबाऱ्याच्या इतर हक्कात त्याचा बोजा चढतो. मग त्या जमिनीवर पीककर्जसुद्धा मिळत नाही. महसुली खटले चालवताना असे बोजे मी बरेच पाहिले आहेत. बहुतेकांचं म्हणणं एकच असतं, ‘आम्ही तर नुसती जमीन दिली होती.’

आकड्यांत मांडते. एक ब्रास म्हणजे १०० घनफूट. ‘थोडा दगड’ म्हणजे ५०० ब्रास धरा. पोकलेन आणि चार डंपर असले, तर एवढा दगड निघायला फार दिवस लागत नाहीत. २०२१ साली स्वामित्वधनाचा दर ब्रासला ६०० रुपये झाला. त्या दराने नुसतं स्वामित्वधनच ३ लाख होतं, दंड त्याच्या वर, आणि तोही बाजारभावाच्या पटीत. तुमच्या हातात मात्र आहे १ लाखाचा विसार. शिवाय खाणी आणि खनिजांच्या १९५७ च्या केंद्रीय कायद्यातल्या कलम २१ नुसार विनापरवाना खाणकामाला ५ वर्षांपर्यंत कैद आणि हेक्टरी ५ लाखांपर्यंत दंडाची तरतूद आहे, ती वेगळीच.

मला जास्त काळजी वाटते ती त्यांच्या घाईची. पलीकडे चालू खाण असलेल्या माणसाला तुमच्या जमिनीतून लगेच दगड का हवा असेल? कारण साधंही असू शकतं, मोठं काम मिळालं असेल आणि खडी कमी पडत असेल. पण या धंद्यातली एक पद्धत तुम्हाला ठाऊक हवी. मंजूर खाणीच्या नावाने वाहतूक पास काढायचे आणि दगड मात्र शेजारच्या विनापरवाना जागेतून भरायचा. मंजूर खाणीत खोली पुरी झालेली असते किंवा चांगला दगड संपलेला असतो, पासवरचं परिमाण, म्हणजे काढायला मंजूर झालेला दगड, मात्र शिल्लक असतं. डंपर अडवला तर पास खरा निघतो. खड्डा मात्र दुसऱ्याच्या जमिनीत पडलेला असतो. तुमचे क्रशरवाले असंच करतील, असा आरोप मी करत नाही. पण सगळा कायदेशीर धोका तुमच्या गळ्यात आणि दगड त्यांच्या क्रशरमध्ये, अशी मांडणी ते तुमच्यापुढे ठेवत आहेत. ती स्वीकारू नका.

पाच हेक्टरची गोष्ट आता थोडी खोलात सांगते, कारण इथे तुमची सरळसरळ दिशाभूल झाली आहे. १४ सप्टेंबर २००६ च्या पर्यावरण आघात मूल्यांकन अधिसूचनेत खाणकामाला काम सुरू होण्यापूर्वी पर्यावरण मंजुरी घेणं बंधनकारक केलं गेलं, पण सुरुवातीला लहान क्षेत्रं त्यातून सुटत होती. मग देशभर डोंगराचे आणि नदीपात्रांचे पाच हेक्टरच्या आतले तुकडे पाडून खाणपट्टे, म्हणजे खाणकामासाठी ठराविक जागा, दिले जाऊ लागले. २७ फेब्रुवारी २०१२ रोजी दीपक कुमार विरुद्ध हरियाणा राज्य या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ही पळवाट बंद केली. गौण खनिजाचा पट्टा पाच हेक्टरहून लहान असला तरी पर्यावरण मंजुरीशिवाय तो देऊ नये, असं न्यायालयाने बजावलं. या निकालाला दशकाहून जास्त काळ लोटला. इतकी वर्षं क्रशर चालवणाऱ्या माणसाला हे माहीत नसेल, हे मला पटत नाही.

पुढे आणखी एक नियम आहे, तो तुमच्या बाबतीत कळीचा ठरू शकतो. दोन पट्ट्यांच्या हद्दींमधलं अंतर ५०० मीटरपेक्षा कमी असेल, तर ते एक समूह म्हणून मोजले जातात. तुमची साडेचार एकर म्हणजे १.८२ हेक्टर, त्यांची दहा एकर म्हणजे ४.०५ हेक्टर. बेरीज ५.८७ हेक्टर, आणि दोघांत अंतर तीनशे मीटर. समूह पाच हेक्टरच्या वर गेला की छोट्या खाणीची सोपी वाट राहत नाही. सगळ्या खाणींचा मिळून परिणाम तपासायचा, अहवाल तयार करायचा आणि जनसुनावणी घ्यायची, हा विषय समोर येतो. जनसुनावणीची सूचना किमान ३० दिवस आधी वर्तमानपत्रांत द्यावी लागते आणि तिथे तुमच्या चुलतभावाला उभं राहून बोलण्याचा पूर्ण हक्क असतो. १५ जानेवारी २०१६ रोजी ज्यांच्याकडे पर्यावरण मंजुरी होती ते पट्टे, आणि तीन वर्षं किंवा जास्त काळ बंद असलेले पट्टे, क्षेत्राच्या या बेरजेतून वगळले जातात. म्हणून पलीकडच्या खाणीला मंजुरी कधी मिळाली, हे त्यांना विचारा. ते काय सांगतात याहीपेक्षा कागद काय सांगतो ते पाहा.

तो कागद पाहणं तुम्हाला वाटतं तेवढं अवघड नाही. पर्यावरण मंजुऱ्या केंद्र सरकारच्या परिवेश या संकेतस्थळावर असतात. मंजुरीपत्र जिल्हास्तरीय पर्यावरण प्राधिकरणाचं असेल, तर आणखी एक गोष्ट तपासा. २०१६ नंतर काही काळ पाच हेक्टरपर्यंतच्या मंजुऱ्या जिल्ह्यातच दिल्या जात होत्या. राष्ट्रीय हरित लवादाच्या, म्हणजे पर्यावरणाचे खटले चालवणाऱ्या न्यायमंडळाच्या, आदेशांनंतर केंद्रीय पर्यावरण मंत्रालयाने २०२३ साली अशा मंजुऱ्या राज्यस्तरीय प्राधिकरणाकडून पुन्हा तपासून घ्यायला सांगितलं. त्यांनी ते केलं का, हे विचारा. मंजुरी मिळाल्यावर अटी पाळल्याचा अहवाल दर सहा महिन्यांनी द्यावा लागतो, आणि मंजुरीपत्राची प्रत ग्रामपंचायतीलाही द्यावी लागते. ग्रामसेवकांकडे जाऊन त्या खाणीची प्रत मागा. नसेल तर तहसील आणि जिल्हा खनिकर्म कार्यालयात माहितीच्या अधिकारात अर्ज करा, दहा रुपये शुल्क आणि ३० दिवसांत उत्तर. पट्ट्याचा आदेश, खाणकाम आराखडा, मंजूर परिमाण, भरलेलं स्वामित्वधन आणि शेवटच्या ईटीएस मोजणीचा, म्हणजे इलेक्ट्रॉनिक टोटल स्टेशन या यंत्राने केलेल्या मोजणीचा, अहवाल, एवढं मागा. ईटीएस मोजणीत खड्ड्याचं घनफळ निघतं. खड्डा केवढा आणि स्वामित्वधन किती ब्रासचं भरलं, हे दोन आकडे शेजारी ठेवले की त्या माणसाचा व्यवहार तुम्हाला कळेल.

आणि एकदा स्वतः पलीकडे जाऊन या. माझ्या मते करारातल्या कोणत्याही कलमापेक्षा हे जास्त मोलाचं आहे. खाण पायऱ्यापायऱ्यांनी खाली उतरली आहे की डोंगर सरळ उभा कापला आहे? खड्ड्याला कुंपण आहे का? रस्त्यावर पाणी मारलं जातं का? क्रशरला पत्र्याचं आच्छादन, पाण्याचे फवारे आणि वारा अडवणारी भिंत आहे का? क्रशरसाठी हे सगळं पर्यावरण संरक्षण नियमांतच आहे, आणि यंत्रापासून ४० मीटरवर हवेतल्या धुळीची भर घनमीटरला ६०० मायक्रोग्रॅमच्या आत राहिली पाहिजे, अशी मर्यादाही आहे. धूळ मोजायचं यंत्र तुमच्याकडे नसेल, पण आजूबाजूच्या झाडांची पानं कोणत्या रंगाची आहेत ते दिसेलच. तिथल्या शेतकऱ्यांशी बोला. स्वतःच्या खाणीत जो माणूस अटी पाळत नाही, तो तुमच्या जमिनीत पाळेल अशी आशा धरू नका.

रीतसर परवाना म्हणजे काय, तेही थोडक्यात सांगते. महाराष्ट्रात गौण खनिजांचे २०१३ चे नियम लागू आहेत. त्यांनुसार खाणपट्ट्याचा अर्ज, महसूल आणि इतर खात्यांचे अहवाल, जागेची मोजणी, मंजूर खाणकाम आराखडा, पर्यावरण मंजुरी, महाराष्ट्र प्रदूषण नियंत्रण मंडळाचं संमतिपत्र, नंतर पट्ट्याचा करारनामा, आणि प्रत्येक गाडीला राज्य सरकारच्या महाखनिज या ऑनलाइन प्रणालीवरचा वाहतूक पास. स्फोटकं वापरायची असतील तर त्यांचा वेगळा परवाना. यातला एखादा कागद दाखवून ‘परवाना आहे’ म्हणणारे पुष्कळ असतात. तहसील कार्यालयाने अर्ज घेतल्याची पोच म्हणजे परवाना नव्हे. तुमची जमीन वर्ग २ ची, म्हणजे हस्तांतरणावर सरकारी बंधन असलेली, असेल किंवा गाव अनुसूचित क्षेत्रात येत असेल, तर हे मला पुन्हा लिहून कळवा. वर्ग २ च्या जमिनीला जिल्हाधिकाऱ्यांच्या परवानगीचा प्रश्न येतो. अनुसूचित, म्हणजे आदिवासी, क्षेत्रात तिथल्या ग्रामसभांना अधिकार देणाऱ्या पेसा कायद्यानुसार गौण खनिजाच्या पट्ट्याआधी ग्रामसभेची किंवा योग्य पातळीवरच्या पंचायतीची शिफारस अनिवार्य आहे.

आता चुलतभावाकडे येऊ. तुम्ही लिहिलंत, तो भांडून गेला. त्याची बाजू मी इथे मांडते, कारण तुम्ही दोघं बोलत नाही आहात आणि त्याच्या रागामागे ठोस कारणं आहेत.

पहिलं कारण विहिरीचं. आपल्या काळ्या पाषाणात पाणी सगळीकडे सारखं नसतं. वरच्या मुरमाच्या थरात आणि दगडाच्या भेगांमध्ये ते साठतं आणि उताराने खाली सरकतं. विहिरीला झरा लागतो म्हणजे त्यातलीच एखादी भेग लागते. तुमचा माळ त्याच्या विहिरीच्या वर आहे. मुरूम खरवडून काढला, की पावसाचं पाणी मुरायची जागा गेली. भेग कापली गेली, की जे पाणी विहिरीत उतरायचं ते खाणीच्या खड्ड्यात उतरतं आणि तिथून पंपाने बाहेर फेकलं जातं. हे प्रत्येक ठिकाणी घडतंच असं नाही, ते खोलीवर आणि भेगांच्या दिशेवर अवलंबून असतं. पण एकदा झरा तुटला की तो पुन्हा जोडता येत नाही. म्हणूनच भूजल पातळीच्या खाली परवानगीशिवाय खोदू नये, अशी अट पर्यावरण मंजुरीत सहसा असते. तुमच्या माळाखाली पाणी किती खोल आहे, हे मंजूर आराखड्यात लिहिलेलं असायला हवं, आणि ते लिहिणाऱ्याने खरोखर मोजलेलं असायला हवं. जिल्ह्यातल्या भूजल सर्वेक्षण आणि विकास यंत्रणेच्या कार्यालयात जाऊन तुमच्या पाणलोटातल्या निरीक्षण विहिरींच्या नोंदी मागा.

दुसरं कारण सुरुंगाचं. काळा दगड मोठ्या प्रमाणावर काढायचा तर बहुतेक वेळा ब्लास्टिंग आलंच. केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळाने वस्तीपासून अंतराची शिफारस केली आहे, ब्लास्टिंग नसेल तर १०० मीटर आणि असेल तर २०० मीटर. तुमच्या भावाची वस्ती दीडशे मीटरवर आहे. म्हणजे ब्लास्टिंगची खाण तिथे या शिफारशीत बसत नाही. प्रत्यक्ष मंजुरीत किती अंतर घालून दिलं जाईल ते प्राधिकरण ठरवेल, पण तो उगाच ओरडतोय असं म्हणायला जागा राहत नाही.

याला जोडून एक तरतूद सांगते, फार कमी लोकांना ती माहीत असते. खाणींच्या सुरक्षेच्या केंद्रीय कायद्यात इमारतीचा दगड आणि खडी काढणाऱ्या लहान उघड्या खाणींना बरीच सूट आहे. पण ती सूट खोदाई ६ मीटरपेक्षा खोल नसेल, एका दिवशी ५० पेक्षा जास्त माणसं कामावर नसतील आणि स्फोटकं वापरली जात नसतील तरच मिळते. सुरुंग लावला की सूट संपली आणि खाण सुरक्षा महासंचालनालयाचे नियम लागू झाले. या नियमांत शेजाऱ्याच्या हद्दीपासून ७.५ मीटर पट्टा न खोदता सोडावा लागतो. हादऱ्यालाही मर्यादा आहे, खाणमालकाच्या मालकीची नसलेली साधी घरं असतील आणि कंपनांची वारंवारता ८ हर्ट्झपेक्षा कमी असेल, तर जमिनीची हालचाल सेकंदाला ५ मिलिमीटरच्या आत हवी. सुरुंग लावणारा माणूस परवानाधारक हवा, इशारा द्यायला हवा, माणसं आडोशाला न्यायला हवीत. पलीकडच्या खाणीत हे होतं का, हे भावालाच विचारा. त्याला तिथले धमाके ऐकू येत असणार.

तुम्ही विचारलंत, आपण चुकतोय का. माळ पडीक आहे, त्यातून दोन पैसे मिळावेत असं वाटण्यात काही चूक नाही. रस्ते, घरं, पूल, सगळ्यांना खडी लागते आणि ती कुठून तरी येणारच. पण ज्याचं पाणी तुमच्या जमिनीतून जातं त्याला न विचारता आणि जिचं नाव सातबाऱ्यावर आहे त्या आत्याला न सांगता सही केलीत, ते चुकलं. आत्यांची संमती नसेल तर जमीनमालकांचं संमतीपत्रच अपुरं आहे. आणि लग्नाच्या मांडवात त्यांना हे दुसऱ्या कुणाकडून कळलं तर काय होईल, ते मी सांगायला नको. आधी त्यांच्याकडे जा. वडिलांना सोबत न्या.

मग चुलतभावाकडे जा, एकटे जा. ‘परवान्याशिवाय काम सुरू होणार नाही, मी थांबवलंय,’ हे पहिलं वाक्य असू द्या. पुढे खाण होवो न होवो, त्याच्या विहिरीची आजची पाण्याची पातळी दोघांनी मिळून दोरी टाकून मोजा आणि तारखेसह लिहून ठेवा. उन्हाळ्यात पुन्हा मोजा, पावसाळ्यानंतर पुन्हा. त्याच्या घराच्या भिंतींचे फोटो काढून ठेवा. खाण सुरू झाल्यावर विहीर आटली किंवा तडे गेले, तर आधीची नोंद नसल्यामुळेच अशी भांडणं वर्षानुवर्षं कोर्टात कुजतात. आणि त्याला त्याचे मार्गही माहीत असू द्या. पर्यावरण मंजुरीविरुद्ध राष्ट्रीय हरित लवादात अपील करायला ३० दिवस असतात, आणि पुरेसं कारण दाखवलं तर आणखी ६० दिवसांपर्यंत सवलत मिळू शकते. आपल्यासाठी लवादाचं पश्चिम विभागीय खंडपीठ पुण्यात आहे. नुकसानभरपाईच्या अर्जाला मुदत ५ वर्षांची. हे मी त्याला तुमच्याविरुद्ध शिकवत नाही. शेजाऱ्याचे हक्क तुम्हाला आधीच ठाऊक असतील, तर करारात त्याच्या पाण्याची जबाबदारी कोणाची हे तुम्हीच लिहून घ्याल.

करार मोडायचा की नाही? माझं मत विचाराल तर हा करार मोडा. एक वर्षाहून जास्त मुदतीच्या भाडेपट्ट्याची नोंदणी करावी लागते. नोटरी केलेला तुमचा दहा वर्षांचा कागद भाडेपट्टा म्हणून टिकायला कठीण आहे. त्यात परवान्याची जबाबदारी, दंड झाला तर कोणी भरायचा, ब्रास कसे मोजायचे, शेवटी खड्ड्याचं काय करायचं, यातलं काही असेल असं तुमच्या पत्रावरून वाटत नाही. शेवटच्या मुद्द्याकडे तर कुणी बघतच नाही. दहा वर्षांनी ते यंत्रं घेऊन जातील आणि उभ्या कड्यांचा, पाण्याने भरलेला खड्डा तुमच्या नावावर राहील. अशा सोडून दिलेल्या खाणींत पोहायला उतरलेली मुलं बुडाल्याच्या बातम्या आपण दर पावसाळ्यात वाचतो. कुंपण घालणं, कडे उतरते करणं, माती पसरून झाडं लावणं हे पट्टेदाराचं काम आहे. ८ जानेवारी २०२० रोजी सर्वोच्च न्यायालयाने खाणकाम झालेल्या जागेवर पुन्हा गवत उगवून देण्याची अटही पट्ट्यांमध्ये घालायला सांगितली. तुमच्या माळावर आज जे गवत येतं, ते त्यांनी परत आणून द्यायला हवं.

पुढे कधी दुसरा किंवा हाच माणूस सगळ्या मंजुऱ्या घेऊन आला, तर नोंदणीकृत करार करा. दगड ईटीएस मोजणीप्रमाणे मोजायचा, गाड्यांच्या तोंडी हिशोबाप्रमाणे नाही. एकही मंजुरी रद्द किंवा स्थगित झाली तर काम त्याच दिवशी बंद. विहिरीला धक्का लागला तर पाण्याची सोय आणि भरपाई त्यांची. आणि शेवटी जमीन कशी परत करायची, त्यासाठीची रक्कम आधीच अनामत. एवढं मान्य करायला जो तयार नसेल, त्याला जमीन देऊ नका.

आता लेखी कळवण्याचं. साध्या कागदावर, गट नंबर लिहून, असं लिहा: ‘आमच्या जमिनीत गौण खनिज उत्खननासाठी आवश्यक असलेले सर्व परवाने आणि पर्यावरण मंजुरी मिळाल्याशिवाय कोणतेही यंत्र आणण्यास किंवा उत्खनन करण्यास आमची संमती नाही. तसे झाल्यास ते आमच्या संमतीशिवाय झाले असे समजावे.’ वडील आणि आत्या दोघांच्या सह्या घ्या. क्रशरवाल्यांना स्पीड पोस्टने पाठवा आणि पावती जपून ठेवा. हेच पत्र तहसीलदारांच्या नावाने आवक-जावक विभागात द्या, दुसऱ्या प्रतीवर शिक्का आणि तारीख घ्या, आणि तिसरी प्रत तलाठ्यांना द्या. उद्या कोणी रात्री पोकलेन घातलंच, तर त्याच रात्री फोटो काढून तहसीलदारांना आणि पोलीस ठाण्याला कळवा. हा शिक्का मारलेला कागद तेव्हा तुमच्या बाजूने बोलेल.

विसाराचे १ लाख रुपये खर्च झाले नसतील तर चेकने किंवा बँकेतून परत करा, रोख देऊ नका, आणि करार रद्द झाल्याचं त्यांच्याकडून लिहून घ्या. ते देण्याआधी तुमच्या तालुक्यातल्या वकिलांना मूळ कागद दाखवा, रद्द करण्याबाबत त्यात काही कलम असू शकतं. पैसे लग्नाच्या खरेदीत गेले असतील, तर हप्ते ठरवून मागा, तेही लेखी. आणि आत्यांकडे या रविवारीच जाऊन या.